पाच टाक आणि गंधकाचा काढा

बब्रुवाननं ती तीन पुस्तकं घरी आणली नसती, तर पुढचं काहीच घडलं नसतं. पण आणू नकोस असं सांगणारं कॉलेजात कुणी नव्हतं, आणि घरी जी सांगणारी होती तिला आधी विचारायची त्याची पद्धत नव्हती.

बब्रुवान तालुक्याच्या गावी एका कॉलेजात ग्रंथालय परिचर. नोकरीला बावीस वर्षं झालेली. परिचरानं पुस्तकांवरची धूळ झटकायची, ती जागच्या जागी लावायची, आणि विद्यार्थी आलेच तर वर्तमानपत्र कुठं ठेवलंय ते सांगायचं. (विद्यार्थी दुसरं काही विचारत नाहीत.) यंदा कॉलेज तपासायला कसलीशी समिती येणार होती. प्राचार्यांनी कपाटांवरून एकदा नजर फिरवली आणि फर्मान सोडलं, की पन्नास वर्षांपूर्वीची सगळी पुस्तकं निर्लेखित करा. निर्लेखित म्हणजे सरकारी भाषेत मेलेली. पुस्तकावर जांभळा शिक्का मारायचा, रजिस्टरात तांबडी रेघ ओढायची आणि ते रद्दीच्या ढिगावर टाकायचं.

त्या ढिगात तीन जाडजूड संदर्भग्रंथ निघाले. पहिल्यात औषधं, दुसऱ्यात रंग, तिसऱ्यात रासायनिक कारखानदारी. पाठीवरची नावं केव्हाच उडाली होती, पण क्रमांक बब्रुवानला तोंडपाठ होते: सहाशे पंधरा, सहाशे सदुसष्ट, सहाशे साठ. बावीस वर्षं त्यानं ते पुसले होते आणि एकदाही उघडले नव्हते. शिक्का मारायला म्हणून पहिल्यांदा उघडले आणि उभ्या उभ्या चाळीस पानं वाचून काढली. साबण, शाई, मलम, केसांचा कलप, कापड रंगवायची नीळ, आगकाड्या, सारं काही घरच्या घरी कसं करावं ते त्यात लिहिलेलं होतं. एवढ्या ज्ञानाला आपण आयुष्यभर नुसतं फडकं मारत बसलो, याचं त्याला मनापासून वाईट वाटलं. त्यानं प्राचार्यांची परवानगी काढली, तिन्ही ग्रंथ पोत्यात घातले आणि एसटीनं येरमाळ्याला घरी आणले.

बायको दैवशाला दारातच उभी होती.

"ह्ये काय?"

"संदर्भग्रंथ."

"म्हंजी?"

"म्हंजी जे घरी न्यायला मनाई असती, तसले ग्रंथ."

"मंग आणले कशाला?"

 बब्रुवाननं पोतं आत नेलं.

खरं तर त्या घरात पुस्तकी कारभाराची आधीच कमी नव्हती. स्वयंपाकघरातल्या प्रत्येक डब्यावर बब्रुवाननं दाखल क्रमांकाच्या चिठ्ठ्या चिकटवल्या होत्या. तांदूळ चार, साखर सात, शेंगदाणे अकरा. दैवशाला त्या चिठ्ठ्यांकडं ढुंकूनही न बघता डबा हलवून आत काय आहे ते ओळखायची, आणि तिचं कधी चुकायचं नाही. बब्रुवान मात्र क्रमांक वाचून चहात मीठ घालायचा.

आता त्याच्या आईचं, सिताबाईंचं सांगायला हवं, कारण खरा प्रश्न त्यांचाच होता.

हे मूळचं जळकोटचं मेंढपाळ घराणं. घरचे देव म्हणजे चांदीचे पाच टाक: खंडोबा, बिरोबा, भवानी, येडाई आणि घराण्यातला एक जुना वीर. वडील गेल्यापासून नऊ वर्षं देव थोरल्या भावाकडं, रामहरीकडं होते, आणि सिताबाईही तिथंच होत्या. "देव ऱ्हातील तितं म्या ऱ्हाणार," हा त्यांचा नियम. या नियमामुळं बब्रुवाननं नऊ वर्षांत आईला एकदाही 'माझ्याकडं चल' म्हटलं नव्हतं. नुसतं आईला बोलावता येत नव्हतं, देवासकट बोलवावं लागलं असतं, आणि तेवढी त्याची भावकीत पत नव्हती.

यंदा श्रावणात रामहरीनं जुनं घर पाडून नवं बांधायला काढलं. देवांना मातीधुळीत ठेवायचं कसं? तेव्हा घर होईपर्यंत देव बब्रुवानकडं न्यावेत असं ठरलं. रामहरीची बायको द्वारकाबाई यांना ते मुळीच पटलं नव्हतं. "पुस्तकं पुसणाऱ्या माणसाकडं देवाची आबाळ हुईल," असं त्या चारचौघांत म्हणाल्या होत्या. तरी देव आले. देवांमागं सिताबाई आल्या. सिताबाईंमागं दोरीला बांधलेली एक पांढरी मेंढी आली. ती देवाला सोडलेली मेंढी होती, नाव शेवंता. चंपाषष्ठीला सगळी भावकी येरमाळ्याला येऊन तळी भरणार होती, आणि देव इथंच ठेवायचे की परत जळकोटला न्यायचे, हे त्याच दिवशी ठरणार होतं.

या चार महिन्यांत बब्रुवानची सवय बिघडली होती. पन्नाशीला आलेला माणूस, पण सकाळी आई चुलीपुढं बसून पहिली भाकरी त्याच्या ताटात टाकायची आणि "आजून एक घे" म्हणायची, त्याशिवाय त्याला चैन पडेना. आई परत जाईल या धास्तीनं तो भूक नसतानाही ती जादाची भाकरी घ्यायचा. हे त्यानं दैवशालेला सांगितलं नव्हतं. (तिला माहीत होतं. डब्यासारखंच.)

आणि चंपाषष्ठीला आठवडा उरला असताना शेवंताला खरूज झाली.

मानेवरची लोकर गेली, पाठीवर चट्टे पडले, मेंढी दिवसभर भिंतीला अंग घासत बसायची. सरकारी डॉक्टर आले, सुई टोचली आणि म्हणाले, "पंधरा दिवसांत फरक पडेल."

"पंधरा दीस?" सिताबाई म्हणाल्या. "गुरुवारी भावकी यायलीया. द्वारका मेंढी बगंल आन् म्हणंल, मुक्या जनावराची ही गत केली, देवाची काय केली आसंल?"

सिताबाई हे चिडून बोलल्या नव्हत्या, नुसतं बोलल्या होत्या. पण बब्रुवानच्या काळजाला ते लागलं. तो उठला आणि सहाशे पंधरा क्रमांक घेऊन बसला. तासाभरात त्याला पान सापडलं.

"मेंढरांचे खरजेवर गंधक व चुना यांचा काढा अक्सीर होय," असं तिथं लिहिलं होतं. "शंभर मेंढरांचे खांडास गंधक सहा शेर, विरलेला चुना तीन शेर. पुरेशा पाण्यात तांबूस पिवळा रंग येईतो कढवावे. निवल्यावर जनावर न्हाऊ घालावे."

दुसऱ्या दिवशी तो कृषी सेवा केंद्रात गेला आणि सहा किलो गंधक मागितला. (शेर म्हणजे किलोच्या जवळपास, हे त्याचं त्यानं ठरवलं.)

दुकानदारानं विचारलं, "द्राक्षबाग किती एकर हाय?"

"बाग न्हाय. मेंढी हाय."

"किती मेंढरं?"

"एक."

दुकानदारानं चष्मा काढून त्याच्याकडं नीट बघितलं, पण गंधक दिला. चुन्याची अडचण नव्हती. चैत्रातल्या यात्रेला जिथं सारी माणसं चुनखडी वेचतात, त्या गावात चुन्याला काय तोटा?

रविवारी सकाळी सिताबाई येडाईच्या दर्शनाला गेल्या आणि बब्रुवाननं परसात तीन दगड मांडून त्यावर अर्धं कापलेलं पत्र्याचं पिंप चढवलं. वारा लागू नये म्हणून जागा निवडली ती घराच्या मागच्या भिंतीलगतची. बरोबर त्या भिंतीत देवघराची खिडकी होती.

"मेंढी एकच हाय," दैवशाला म्हणाली.

"मला म्हाईत हाय."

"मंग शंभर मेंढरांचा काढा कशाला?"

"ग्रंथात तसं दिलंय."

"शंभरानं भागा की."

"संदर्भग्रंथात फेरफार करायचा नसतो."

ग्रंथालयात बब्रुवानच्या डोक्यावर एक पाटी टांगलेली होती, 'ग्रंथात खाडाखोड करू नये.' बावीस वर्षं तो त्या पाटीखाली बसला होता. सहा शेरांचे पाच तोळे करणं त्याला खाडाखोडच वाटत होतं. दैवशालेनं कपाळाला हात लावला आणि ती धुणं घेऊन गच्चीवर गेली.

अर्ध्या तासात पिंप रटरटायला लागलं. रंग आधी पिवळा झाला, मग केशरी, मग तांबूस. सगळं ग्रंथात म्हटल्याप्रमाणं. वासाबद्दल मात्र ग्रंथात एक अक्षर नव्हतं. तो नासक्या अंड्यांचा वास होता, आणि एकदोन अंड्यांचा नव्हे. परसातून तो घरात गेला, घरातून बोळात गेला, आणि बोळाच्या टोकाला राहणाऱ्या मथुराबाई पदर नाकाला लावून धावत आल्या.

"दैवशाला! शेगडी बंद कर! टाकी गळायली तुजी!"

"टाकी न्हाय ओ, काकू," बब्रुवान परसातून ओरडला. "काढा हाय!"

"आगं बाई, ह्यांच्या डोस्क्यातबी गेलाय गॅस!" असं म्हणत मथुराबाईंनी फोन लावला. वीस मिनिटांत गॅसचा माणूस आला. त्यानं रेग्युलेटरला साबणाचा फेस लावून बघितला, नळी वाकवून बघितली, मग परसात जाऊन पिंप बघितलं.

"टाकी चांगली हाय," तो म्हणाला. "वास तुमचा हाय."

इथं थांबला असता तरी निभावलं असतं. पण बब्रुवानला शरम वाटली आणि वास मारायचा उपाय शोधायला त्यानं सहाशे सदुसष्ट उघडलं. 'क्षाराचा जोर आम्लाने मोडतो,' असं एक वाक्य सापडलं. ते लोकर रंगवण्याविषयी होतं, पण मेंढीला लोकर असतेच, असा विचार करून त्यानं फ्रीजमधलं तीन दिवसांचं आंबट ताक पातेलंभर आणून पिंपात ओतलं.

आतापर्यंत वास चालत होता, तो आता पळायला लागला. दैवशाला, मथुराबाई, गॅसचा माणूस आणि शेजारची दोन घरं तासभर हमरस्त्यावर जाऊन उभी राहिली. सोलापूरकडं जाणाऱ्या एका गाडीनं चालत्या चालत्या काचा वर केल्या.

दुपारी काढा निवला. बब्रुवाननं नाकाला गमछा बांधला आणि शेवंताला मगानं घसाघसा न्हाऊ घातलं. मेंढीनं त्याला दोनदा पाडलं. उन्हात वाळल्यावर ती पिवळीजर्द दिसायला लागली, शेपटापासून कानापर्यंत.

सगळ्यात आधी तिला पाहिलं मथुराबाईंनी. त्या वासाचा जाब विचारायला आल्या होत्या, पण जागच्या जागी थबकल्या आणि त्यांनी हात जोडले.

"भंडारा!" त्या म्हणाल्या. "चंपाषष्ठीच्या तोंडाला देवाच्या मेंढीवर भंडारा उधळलाय गं बाई!"

"गंधक हाय तो, काकू," बब्रुवान म्हणाला.

ते कुणी ऐकून घेतलं नाही. मथुराबाईंनी मेंढीला कुंकू लावलं आणि फोटो काढून फोनवर सगळ्यांना दिसेल असा लावला. दिवस मावळायच्या आत बोळातल्या सात बाया येऊन मेंढीच्या पाया पडून गेल्या. येडाईहून परतलेल्या सिताबाईंचा एक डोळा ऑपरेशन झालेला, दुसरा व्हायचा राहिलेला. पण पिवळा रंग त्यांनाही दिसला. त्यांनी मेंढीला हुंगलं, बब्रुवानला हुंगलं, आणि हातपाय धुवायला गेल्या. बब्रुवाननं 'गंधक हाय' म्हणणं तोवर सोडून दिलं होतं. आयुष्यात पहिल्यांदाच त्याच्या दारात एवढी माणसं हात जोडून उभी होती.

दिवेलागणीला दैवशाला देवघरात गेली आणि तिनं हलक्या आवाजात हाक मारली.

"आवो. जरा हिकडं या."

पाचही टाक तव्यासारखे काळे पडले होते. खंडोबाचा घोडा कुठला आणि खंडोबा कुठला, काही कळत नव्हतं.

"खिडकी उगडी व्हती," दैवशाला म्हणाली.

 बब्रुवान धावत जाऊन तिसरा ग्रंथ घेऊन आला. 'रुप्यास गंधकाची वाफ लागल्यास ते कृष्णवर्ण होते,' असं तिथं स्वच्छ छापलं होतं. त्याखाली असंही होतं, की नक्षी उठून दिसावी म्हणून कारागीर असा काळा रंग मुद्दाम चढवतात.

"मुद्दाम करतेत म्हणं," तो आशेनं म्हणाला.

"मंग भावकीला सांगा, आमच्या देवांनी फॅशन केली."

काळा रंग उतरवायची कृतीही ग्रंथात होती. पण तिला लागणाऱ्या पाच पदार्थांपैकी एकाचंही नाव मेडिकलवाल्यानं ऐकलेलं नव्हतं. शेवटी बब्रुवाननं धाडसी निर्णय घेतला. पाचही टाक फडक्यात गुंडाळून त्यानं तांदळाच्या डब्यात, क्रमांक चारमध्ये, खोल पुरून ठेवले. आई भाकरी खाते, तांदळाचा डबा ती कशाला उघडेल, हा हिशेब. बुधवारी सुट्टी टाकायची, धाराशिवला सराफाकडून टाक उजळून आणायचे, कुणाला पत्ता लागू द्यायचा नाही.

सकाळी सिताबाईंनी रिकाम्या देवघरावरून हात फिरवला. "देव कुटं गेले, बब्र्या?"

"पॉलिशला दिलेत."

"कुणाकडं?"

"सोनाराकडं."

"बरं," सिताबाई म्हणाल्या. आईचं हे नुसतं 'बरं' बब्रुवानला नेहमीच्या प्रश्नांपेक्षा जास्त लागलं. आईशी तो लहानपणानंतर पहिल्यांदाच खोटं बोलला होता.

सोमवारी कॉलेजात वेगळीच तऱ्हा. एसटीत त्याच्या शेजारी कुणी बसलं नव्हतं, तेव्हाच त्यानं ओळखायला हवं होतं. दुपारी प्राचार्य ग्रंथालयात आले, दारातच थांबले आणि नाक वर करून म्हणाले, "निर्लेखन अर्धवट झालेलं दिसतंय. अजून काहीतरी जुनं राहिलंय इथं. शोधा आणि बाहेर काढा." खोलीत बब्रुवान एकटाच होता. बुधवारची सुट्टी अर्थातच नामंजूर झाली. समिती येणार होती.

बुधवारी दुपारी तो शिक्के मारत बसला असताना दैवशालेचा फोन आला.

"दादा आन् वैनी आलेत."

"आज? उद्या यायचं ठरलं व्हतं की!"

"मथुराबाईंचा फोटू जळकोटपातूर गेलाय. मेंढी बगाय आलेत. वैनी म्हणायलीया, मेंढी बगितली, आता देव बगू."

बब्रुवाननं शिक्का तसाच हातात घेऊन एसटी स्टँड गाठलं. वाटेत त्यानं सोनार आजारी पडला, सोनाराच्या घरी सुतक आलं, सोनार तीर्थयात्रेला गेला, अशा तीन गोष्टी तयार केल्या. तिन्हीत सोनाराचे हाल होते, पण नाइलाज होता.

घरात रामहरी खाटेवर बसून बशीतून चहा पीत होता. द्वारकाबाई परसातून मेंढी बघून आल्या आणि पदर सावरत म्हणाल्या, "या भावजी. तुमची वाट बगत थांबलोय. दावा देव."

"देव..." बब्रुवान म्हणाला. "त्यो सोनार..."

"चला की," आतून सिताबाईंचा आवाज आला. "दिवा लावलाय म्या."

सगळे देवघरापुढं आले. बब्रुवान सगळ्यात मागं, डोळे मिटून.  मग द्वारकाबाई म्हणाल्या, "लई झ्याक दिसायलेत."

बब्रुवाननं डोळे उघडले. पाटावर पाचही टाक लखलखत होते. खंडोबाचा घोडा, त्याचा लगाम, पायाजवळचा कुत्रा, सगळं स्पष्ट. इतके उजळ त्यानं ते वडील असतानाही पाहिले नव्हते.

इथं बब्रुवाननं गप्प बसायला हवं होतं. कुणालाही काही माहीत नव्हतं. रामहरी खूश होता, द्वारकाबाईंना काढायला खोट सापडली नव्हती, देव आणि आई दोन्ही घरात राहणार हे जवळजवळ ठरलं होतं. नुसतं तोंड बंद ठेवायचं काम होतं. पण बब्रुवानला तो साक्षात्कार वाटला, आणि त्यानं जमिनीवर लोटांगण घातलं.

"देवा, साक्षात्कार दावलास! माफ कर!" तो रडत म्हणाला. "म्याच काळं केलं तुला! गंधक कढवला, खिडकी उगडी ठिवली, ताक वतलं! तांदळाच्या डब्यात पुरलं तुला, आन् आईला सोनाराची थाप मारली!"

सगळं, अगदी क्रमवार. डब्याच्या क्रमांकासकट.

दैवशालेनं मान खाली घातली. रामहरीच्या बशीतला चहा निवून गेला.

"साक्षात्कार कशाचा आलाय?" सिताबाई म्हणाल्या. "सकाळी अक्षता कराय तांदूळ काढाय गेले, तर डब्याला तुज्याच अंगाचा वास. हात घातला तर देव. चुलीतली राख घेतली, चिंच घेतली आन् दोन तास घासलं. चांदी हाय ती, काळी पडणारच. दर दिवाळीला घासत आले म्या. कंच्या पुस्तकात बगून न्हाय घासलं."

"बगितलं?" द्वारकाबाई नवऱ्याला म्हणाल्या. "म्या म्हणत नव्हते? ह्या वक्ताला काळे केले, फुडच्या वक्ताला पुस्तकात बगून वितळवतील."

रामहरी स्वभावानं गरीब माणूस, पण थोरला होता. त्यानं बशी खाली ठेवली. "घराचं काम झालंय आता," तो म्हणाला. "देवघरबी बांदलंय, फरशी बसवून. उद्या तळी भरू आन् देव जळकोटला न्हिऊ. आई, तूबी तुजं गठुडं बांद."

बब्रुवान जमिनीवरून उठलाच नाही. आता कशाला उठायचं, असं त्याला झालं. देव निघाले म्हणजे आई निघाली. उद्यापासून पहिली भाकरी कुणाच्या ताटात पडणार ते ठरलं होतं, आणि ते त्यानं स्वतःच्या तोंडानं ठरवलं होतं. त्याला इतकं वाईट वाटलं, की नाकात अजून बसलेला गंधकाचा वाससुद्धा येईनासा झाला.

सिताबाई दिव्याची वात पुढं सारत होत्या. "न्या देव," त्या म्हणाल्या. "तुमच्याकडंच बरे हायेत."

"आन् तू?"

"म्या हितंच ऱ्हाते."

"आगं, देव ऱ्हातील तितं म्या, आसं तूच म्हणत आलीस की!"

"म्हणत व्हते. तुजा बाप गेला तवा देवाकडं बगाय माणूस पायजे व्हतं. आता द्वारकाला देवाचं समदं येतंय, माज्यापरीस बैजवार करती ती." द्वारकाबाईंचा चेहरा खुलला. सिताबाईंनी जमिनीवरच्या बब्रुवानकडं बोट केलं. "पर ह्याच्याकडं कोण बगंल? देव काय, आपलं आपण निभावून घेतेत. ह्यानं आज मेंढी रंगवली, उद्या घर पेटवंल. दैवशालाला एकटीला न्हाय झेपायचं ह्ये."

"न्हायच झेपत," दैवशाला म्हणाली. लग्नाला तेवीस वर्षं झाली, सासूचं म्हणणं तिला इतकं पटण्याची ही पहिलीच वेळ होती. ती डोळे पुसत चहाला आधण ठेवायला गेली.

हा आपला अपमान झाला की लाड झाले, हे बब्रुवानला नक्की कळलं नाही. पण जे झालं ते त्याला फार आवडलं. तो आईच्या पायाशी बसून राहिला, आणि आईनं त्याला जरा लांब बसायला सांगितलं, कारण वास येत होता.

गुरुवारी तळी भरली. भरीत-रोडग्याचा नैवेद्य झाला, भंडारा उधळला, येळकोट झाला, आणि शुक्रवारी देव द्वारकाबाईंच्या ओटीतून जळकोटला गेले. शेवंता मात्र औषधपाणी चालू होतं म्हणून येरमाळ्यातच राहिली.

पंधरा दिवसांत तिची खरूज पार गेली. मानेवर नवी पांढरी लोकर फुटली. डॉक्टर म्हणाले, सुईनं काम केलं. मथुराबाई म्हणाल्या, भंडाऱ्यानं केलं. सहाशे पंधरा क्रमांकाचं नाव कुणी घेतलं नाही. रद्दीवाल्याला तिन्ही ग्रंथ दाखवले, तर त्यानं ते उघडून हुंगले आणि परत दिले. असल्या वासाचा कागद भजीवालेसुद्धा घेत नाहीत म्हणाला. आता ते परसात एकावर एक रचलेले असतात आणि मेंढीची लोकर विंचरताना सिताबाई त्यावर बसतात. उंची बरोबर येते म्हणतात.

पहिली भाकरी रोज बब्रुवानच्या ताटात पडते. जेवताना तो डब्यांचे क्रमांक, गंधक किंवा कुठलंही पुस्तक, यांबद्दल अवाक्षर काढत नाही.

परवा रविवारी तो असाच जेवत बसला असताना रामहरीचा फोन आला. सिताबाईंना ऐकू कमी येतं, म्हणून फोन मोठ्यानं बोलतो तसा करून ठेवलेला असतो.

"काय म्हणतीस, आई?" रामहरीनं विचारलं. "गुण आला का?"

सिताबाईंनी एकदा परसात बघितलं, एकदा ताटाकडं बघितलं आणि ताटात आणखी एक भाकरी टाकली.

"मेंढीला आलाय," त्या म्हणाल्या. "बब्रुवानला आजून न्हाय."